मेस्त्रींच्या गावात: कोल्हापूर ते पुणे

शुक्रवार, कोल्हापूर

बाबूराव पेंटरांनी १९२०पासून १९५०च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत चित्रपट काढले. त्यातले मूकपट बहुतेक सगळे गेले, हाती राहिले ते एखाद-दुसऱ्या चित्रपटाचे तुकडे. मी शाळेत चित्रकला शिकवते. ज्या चित्रकाराची कीर्ती सगळी पडद्यावरच्या कामाची आणि ते कामच आता बघायला मिळत नाही, त्याला शोधायचं कुठे, हा प्रश्न बरीच वर्षं मनात होता. सुट्टी लागली तशी ठरवलं, आधी कोल्हापूर आणि मग पुणे.

नाशिकहून रात्रीच्या गाडीने निघून सकाळी मध्यवर्ती बसस्थानकावर उतरले. माझी मावशी मंगळवार पेठेत राहते. अंघोळ उरकते न उरकते तोच तिने ताट पुढे केलं आणि विचारलं, "अंबाबाईला आधी जाणार का तुझ्या पेंटरला?" देवीला नमस्कार करून मग पुढे, असं ठरलं.

महाद्वारातून बाहेर पडून चालत खरी कॉर्नरला आले. महाराष्ट्र फिल्म कंपनीची आठवण म्हणून इथे चौथऱ्यावर कॅमेऱ्याचा स्तंभ उभा आहे. १ डिसेंबर १९१७ हा कंपनीचा स्थापनादिन. दर वर्षी त्या दिवशी कलावंत मंडळी इथे जमतात आणि पूजन करतात. मी गेले तेव्हा भर दुपार होती. दुचाक्या, रिक्षा, भाजीच्या गाड्या, कुणाचं वर लक्ष नव्हतं. स्तंभाला वळसा घालून तीनदा फिरले. पुतळा उभारायचा तर माणसाचाच उभारायचा, अशी आपल्याकडे पद्धत. या गावाने आपल्या माणसाची आठवण ठेवताना यंत्र उभं केलं, आणि ते अगदी योग्य केलं असं मला वाटतं. बाबूरावांच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी झुंज त्या यंत्राशीच होती.

तिथून पुढे केशवराव भोसले नाट्यगृह. शाहू महाराजांनी १९१५मध्ये बांधून पूर्ण केलेलं हे 'पॅलेस थिएटर', शेजारी खासबागचं कुस्तीचं मैदान. ८ ऑगस्ट २०२४च्या रात्री नाट्यगृहाला आग लागली. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती. आता तिथे पुनर्बांधणीचं काम चालू आहे. पत्र्याच्या कुंपणाआडून दगडी भिंती तेवढ्या दिसल्या. फाटकावरच्या काकांना म्हटलं, "काका, जरा आत डोकावू का?" ते म्हणाले, "नको ताई, वरनं काय पडलं तर मला उत्तर द्यायला लागंल." बरोबरच होतं त्यांचं.

बाबूरावांची सुरुवात नाटकाच्या पडद्यांपासून झाली, म्हणून मला इथे यायचं होतं. १९१०च्या आसपास बाबूराव आणि त्यांचे नात्यातले भाऊ आनंदराव नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवत होते. केशवरावांची ललितकलादर्श, बालगंधर्वांची मंडळी, अशी त्या काळची मोठी नावं त्यांच्याकडे पडदे करायला येत. महाल, रस्ता, अरण्य, नदीकाठ. गॅसबत्तीच्या किंवा विजेच्या उजेडात, वीस-पंचवीस फुटांवरून खरा वाटावा असा महाल कापडावर काढायचा, हे सोपं काम नाही. खांबाची सावली कुठे पडली म्हणजे खांब गोल दिसतो, कमान किती लहान केली म्हणजे दालन खोल वाटतं, हे हिशेब हातात बसावे लागतात. 'पेंटर' हे नाव त्यांना या पडद्यांनी दिलं. घराचं आडनाव मेस्त्री.

शनिवार, कोल्हापूर

आजचा दिवस मेस्त्री घराण्याचा.

बाबूरावांचा जन्म ३ जून १८९०चा. वडील कृष्णराव मेस्त्री. सुतारकाम, मूर्तिकाम, चित्रकाम, हस्तिदंतावरचं कोरीवकाम, असं सगळं या एका माणसाच्या हाताखाली चालायचं. या घरातल्या मुलाला कलेच्या शाळेत जायची गरजच पडली नाही, आणि बाबूराव गेलेही नाहीत. मुंबईच्या जे.जे.मधून शिकून आलेले आबालाल रहिमान कोल्हापुरातच होते, म्हणजे शाळेतून येणारी विद्याही गावाला माहीत होती. पण बाबूरावांचं शिक्षण घरच्या पडवीतलं. रंधा मारणं, साचा काढणं, रंग घोटणं आणि बिघडलेलं यंत्र खोलून पुन्हा जोडणं, हे सगळं एकाच ठिकाणी शिकलेला हा मुलगा. मला वाटतं, पुढचं सारं इथून निघालं. चित्रकार पुष्कळ होते. कॅमेरा आपण घरी बनवू, असं ज्याला वाटावं असा चित्रकार फक्त मेस्त्रींच्याच घरात निघू शकत होता.

१९१३मध्ये आमच्या नाशिककडच्या, त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला. तो पाहून या दोघा भावांना ध्यास लागला. आधी जुना प्रोजेक्टर मिळवून त्यांनी खेळ दाखवले, असं सांगतात. मग कॅमेरा. विलायती कॅमेरा विकत घेण्याइतके पैसे नव्हते आणि पहिलं महायुद्ध चालू असल्याने बाहेरून माल येणंही अवघड. तेव्हा आपणच करू. या खटपटीत असतानाच १९१६मध्ये आनंदराव वारले. यंत्राची जाण दोघांत त्यांना जास्त होती, असं म्हणतात. मागे राहिलेल्या बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांना बरोबर घेऊन ते काम तडीस नेलं आणि १९१८च्या सुमाराला कोल्हापुरात घडलेल्या कॅमेऱ्याने चित्र घेतलं.

हे वाचून ठाऊक होतं. पण कॅमेरा घरी बनवणं म्हणजे नेमकं काय, हे आज दुपारी कळलं. मावशीच्या ओळखीतले एक गृहस्थ जुनी सिनेयंत्रं जमवतात. जुन्या वाड्याच्या माडीवर त्यांनी मांडणी केली आहे. त्यांच्याकडे हाताने फिरवायचा एक मूकपटांच्या काळचा प्रोजेक्टर आहे. "फिरवून बघा की, मोडत नाही," म्हणाले. बाजूचं झाकण उघडून त्यांनी फिल्मचा एक निकामी तुकडा आत घातला आणि मला दांडी धरायला दिली.

अगदी सावकाश फिरवली. आधी काहीच होत नाही. मग आत एक लहानसा आकडा पुढे येतो, फिल्मच्या कडेच्या भोकांत शिरतो, फिल्म खाली ओढतो, मागे सरतो आणि वर जातो. तेवढा वेळ फिल्म जागच्या जागी स्थिर. पुन्हा आकडा येतो. एका चित्राला कडेला चार भोकं, म्हणजे आकड्याने दर खेपेला बरोबर चार भोकांइतकंच अंतर ओढायचं. केसभर इकडेतिकडे झालं की पडद्यावरचं चित्र नाचणार. आकडा ओढत असताना उजेड आत जाऊ द्यायचा नाही, म्हणून पुढे एक फिरती चकती, तिला खाच. खाच समोर आली की उजेड, गेली की अंधार. कॅमेऱ्याचीही गत हीच, फक्त उजेड उलट्या दिशेने, बाहेरून आत येतो. मूकपटांच्या वेळी सेकंदाला साधारण सोळा चित्रं घेत. दांडीच्या एका फेऱ्यात आठ, म्हणून सेकंदाला दोन फेरे, तेही मोटर नसताना, हाताच्या अंदाजाने.

आता हा आकडा, ती चकती, ते दाते, सगळं लेथवर घडवायचं. नमुना म्हणून हाताशी असलं तर एखादं उघडलेलं यंत्र. मोजमापाची साधनं आजच्या मानाने काहीच नाहीत. मी दांडी फिरवत होते आणि ते गृहस्थ बोलत होते, "ताई, कोल्हापूरची माणसं अजून तसलीच. इथल्या उद्यमनगरात जावा, कुठला बी पार्ट दाखवा, संध्याकाळपातूर करून देतील." हे मात्र खरं आहे. शिवाजी उद्यमनगरातल्या ओतशाळा आणि लेथ यांचं नाव महाराष्ट्रभर आहे.

संध्याकाळी मावशीच्या गच्चीत बसून टिपणं काढली. कंपनी उभी राहिली तीही कोल्हापुरी रीतीने. भांडवलाला गायिका तानीबाई कागलकर यांचा हात लागला, शाहू महाराजांचा आश्रय होता. दामले, फत्तेलाल हे सोबती. कुणी एकच काम करणारा नव्हता. फत्तेलाल चित्रकार, पण तेही कॅमेरा चालवत. १९२०मध्ये आलेला वणकुद्रे नावाचा पोरगा पडेल ते काम करत होता, पुढे तो व्ही. शांताराम झाला.

पहिला चित्रपट 'सैरंध्री', पुण्याच्या आर्यन थिएटरात १९२०मध्ये लागला. त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. त्या दोघींना समाजाने वाळीत टाकलं आणि कंपनीच्या आवारातच आसरा घ्यावा लागला, हेही त्याच चित्रपटाच्या इतिहासात लिहिलं पाहिजे. नट पुरुष असते तर त्यांच्यावर ही वेळ आली नसती. भीम कीचकाला मारतो तो प्रसंग इतका खरा वाटला की सेन्सॉरने तो कापायला लावला. लोकमान्यांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. त्यानंतर काही महिन्यांतच टिळक गेले.

इथे चित्रकलेच्या शिक्षिकेला दोन शब्द बोलू द्या. त्या वेळची फिल्म तांबडा रंग ओळखतच नसे. तांबडं कुंकू काळं येई, निळं आकाश पांढरंफटक. म्हणजे सेटवर जे डोळ्यांना दिसतं आणि फिल्मवर जे उमटतं, त्यात कुठलाही सरळ संबंध नाही. लाल लुगडं नेसवलं तर पडद्यावर ती बाई शोकातली वाटेल. असं असताना सेट, कपडे, चेहऱ्याची रंगरंगोटी हे सगळं आधी करड्या छटांमध्ये बघता यायला हवं. जन्मभर रंग घोटलेल्या माणसाने रंग विसरून नुसता उजेड-अंधार बघायला शिकायचं! बाबूरावांनी ते केलं. पडदा रंगवण्यात हयात गेली असूनही त्यांनी चित्रपटात रंगवलेले पडदे मागे सारले आणि खरे, चारी बाजूंनी फिरता येतील असे सेट उभे केले. प्रसंग कसा दिसायचा, याची रेखाटनं आधी स्वतः काढायचे. १९२३च्या 'सिंहगड'मध्ये तर कृत्रिम दिव्यांचा उजेड वापरला. रात्रीच्या स्वारीची गोष्ट, ती भर उन्हात घेऊन कशी चालणार?

पोस्टरंही स्वतःच करायचे. भारतीय चित्रपटांच्या आज उरलेल्या पोस्टरांत सगळ्यात जुनं म्हणून ज्याचं नाव घेतात, ते त्यांच्याच 'कल्याण खजिना'चं, १९२४चं. त्याच वर्षी लंडनच्या वेम्बलीतल्या प्रदर्शनात या चित्रपटाला पदक मिळालं.

रविवार, कोल्हापूर

सकाळी टाऊन हॉल. चार्ल्स मँट या इंग्रज अभियंत्याने आखलेली ही इमारत १८७०च्या दशकातली, आता तिथे संग्रहालय आहे. ब्रह्मपुरीच्या टेकडीत सापडलेली रोमन समुद्रदेवाची ती प्रसिद्ध ब्राँझ मूर्ती इथलीच. ती पाहायला गर्दी होती. मी चित्रांच्या दालनात गेले. आबालाल रहिमान, धुरंधर, दत्तोबा दळवी आणि बाबूराव, ही सगळी मंडळी एका छपराखाली.

आबालाल यांच्या जलरंगांपुढे जास्त वेळ थांबले, हे कबूल करायला हवं. पाण्यावरचं ऊन कागद कोरा ठेवून दाखवायचं, हे मी मुलांना वर्षानुवर्षं सांगते आणि इथे ते एका हाताने किती सहज केलंय! कोटीतीर्थ, रंकाळा, पंचगंगा, हाच त्यांचा मुलूख. शाहू महाराज गेले तेव्हा या माणसाने आपली ढीगभर चित्रं रंकाळ्यात सोडली, असं कोल्हापुरात सांगतात.

बाबूरावांचं चित्र बघताना वेगळं जाणवतं. आबालाल उजेडाच्या मागे धावतात. बाबूराव आकृती घडवतात. चेहऱ्याची घडण, मनगटाचा गोलवा, वस्त्राची चुणी कुठे वळते आणि कुठे आत जाते, हे असं रंगवलंय की पाठीमागे मातीचा पुतळा असावा. मूर्तिकाराच्या घरातला माणूस आहे हा, असं त्या चुणीवरूनही सांगता आलं असतं. शेजारी एक मुलगा, अकरावी-बारावीतला असेल, वहीत पेन्सिलने त्याच चुणीची नक्कल करत होता. त्याला विचारलं, "कुठे शिकतोस?" "घरी, काकू. बाबा गणपती करतात आमचे." एवढं बोलून तो परत वहीत गेला.

शिवाजी चौकात बाबूरावांच्या हातचा शिवाजी महाराजांचा अर्धपुतळा आहे, १९४५चा. पूर्वी त्या जागी गव्हर्नर विल्सनचा पुतळा होता. भालजी पेंढारकर पुढे झाले आणि बाबूरावांनी पुतळा घडवून दिला. तिथून रिक्षाने कावळा नाक्यावर, ताराराणीला भेटायला. हे काम रवींद्र मेस्त्रींचं, बाबूरावांच्या मुलाचं. घोडा मागच्या दोन पायांवर उभा, पुढचे दोन्ही पाय हवेत, वर तलवार उपसलेली राणी. एवढा धातू दोन पायांवर तोलायचा म्हणजे आतला सांगाडा, वजनाची वाटणी, ओतकाम, सगळं आधी डोक्यात पक्कं असावं लागतं. चौकात भरधाव गाड्या. रस्ता ओलांडून पलीकडच्या चहाच्या टपरीवरून मी मागच्या पायांचे स्नायू निरखत राहिले. खुरांपाशी सगळा भार एकवटलाय आणि तरी घोडा जड वाटत नाही. आजोबा हस्तिदंत कोरत होते, वडिलांनी कॅमेरा केला, मुलाने हा घोडा उभा केला. एका घरात तीन पिढ्या हे चाललं.

दुपारी राजारामपुरीत चंद्रकांत मांडरे यांच्या बंगल्यात असलेलं कलासंग्रहालय पाहिलं. नट म्हणून सगळ्या महाराष्ट्राला माहीत असलेला हा माणूस तितकाच निष्ठेने निसर्गचित्रं काढत होता, आणि आपलं घर चित्रांसकट त्यांनी सरकारला देऊन टाकलं. चंद्रकांत यांना पडद्यावर आणलं बाबूरावांनीच, १९३६च्या बोलत्या 'सावकारी पाश'मध्ये.

'सावकारी पाश'बद्दल मला जरा जास्त बोलायचं आहे. नारायण हरी आपटे यांची कथा. बाबूरावांनी ती दोनदा केली, १९२५मध्ये मूक आणि १९३६मध्ये बोलती. पौराणिक चित्रपटांवर कंपनी चालत होती, देवादिकांना बघायला लोक बैलगाड्या जुंपून येत होते. अशा वेळी या माणसाने कर्जात बुडालेला शेतकरी पडद्यावर आणला. सावकाराच्या खोट्या कागदाने जमीन जाते, शेतकरी शहरात जाऊन गिरणीत मजूर होतो. तरुण शेतकऱ्याचं काम शांतारामांनी केलं होतं. ज्यांनी तो मूकपट पाहिला त्यांनी लिहून ठेवलंय की अंधारी झोपडी आणि भुंकणारं कुत्रं, एवढ्या दोन गोष्टींनी अंगावर काटा यायचा. धंद्याच्या दृष्टीने तो चालला नाही. पण १९२५मध्ये, आपल्याकडे चित्रपट सुरू होऊन पुरती पंधरा वर्षंही झाली नव्हती तेव्हा, दख्खनच्या कर्जबाजारी कुणब्याकडे कॅमेरा वळवायचा, ही हिंमत लहान नाही. कोल्हापूरच्या आसपासची जमीन, तिथला सावकार, तिथली झोपडी त्यांनी डोळ्यांनी पाहिलेली होती. मला विचाराल तर बाबूरावांचं सगळ्यात मोठं काम हेच. आणि ती पहिली प्रत कुठेही शिल्लक नाही.

रंकाळ्यावर फेरी मारून परतले. शालिनी पॅलेस दुरूनच पाहिला. कंपनी बंद पडल्यावर बाबूरावांनी ज्या शालिनी सिनेटोनसाठी 'उषा', 'सावकारी पाश' आणि 'प्रतिभा' केले, तो याच राजघराण्याच्या आश्रयाने चाललेला स्टुडिओ. रात्री मावशीने तांबडा-पांढरा केला होता.

सोमवार, प्रवास

संग्रहालयं सोमवारी बंद, तेव्हा हा दिवस गाडीतच घालवायचा असं आधीच ठरवलं होतं. कराड, सातारा, खंबाटकीचा घाट. रस्त्याची कामं चालू, गाडी रेंगाळत गेली. काही बिघडलं नाही, वाचायला वेळ मिळाला.

याच वाटेने १९३३मध्ये प्रभात कंपनी कोल्हापूरहून पुण्याला गेली. त्याआधीची गोष्ट बाबूरावांना लागलेली असणार. १९२९मध्ये दामले, फत्तेलाल, शांताराम, धायबर हे त्यांच्या हाताखालचे चौघे कंपनी सोडून बाहेर पडले. सीताराम कुलकर्णी यांनी पैसा लावला आणि पाच जणांची प्रभात उभी राहिली. दोन वर्षांत महाराष्ट्र फिल्म कंपनी बंद झाली. आनंदरावांच्या पश्चात ज्यांनी कॅमेरा हाती घेऊन पूर्ण करायला मदत केली ते दामले त्यात होते, हे वाचताना दर वेळी थांबायला होतं.

दोष कुणाला द्यावा, असं मला वाटत नाही. बाबूराव काम सावकाश करत, मनासारखं होईपर्यंत सोडत नसत आणि व्यवहारात त्यांचा जीव रमत नसे. तरुण पोरांना स्वतःचं काही करायचं होतं. मेस्त्रीच्या हाताखाली शिकलेला कारागीर हात बसला की आपली कार्यशाळा काढतो, हे गावोगाव घडतं. प्रभातच्या चित्रपटांत सेटची जी भरीव बांधणी दिसते, संत तुकारामाच्या घराच्या भिंतीवर शेणाने सारवल्याची जी खूण दिसते, तिच्यामागे कोल्हापूरची ती शाळा आहे. आणि शांताराम परत आलेच. १९४७च्या 'लोकशाहीर रामजोशी'च्या दिग्दर्शनात बाबूरावांचंही नाव आहे.

मंगळवार, पुणे

सकाळी विधी महाविद्यालय रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात गेले. १९६४मध्ये हे सुरू झालं आणि पी. के. नायर यांनी गावोगाव हिंडून, गोदामं धुंडाळून चित्रपट गोळा केले. आपल्या देशात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. त्यातले बोटांवर मोजावेत इतके पूर्ण आणि काहींचे तुकडे हाती लागले. महाराष्ट्र फिल्म कंपनीचे 'मुरलीवाला' आणि 'सती सावित्री', दोन्ही १९२७चे, यांचे तुकडे वाचले आहेत.

बाकीचे गेले कुठे? ग्रंथालयातल्या बाईंनी शांतपणे समजावून सांगितलं. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती भसकन पेटते आणि पाण्याखालीसुद्धा विझत नाही. नाही पेटली तरी उष्ण, दमट हवेत हळूहळू चिकट होते, मग तिची भुकटी होते. बोलपट आल्यावर मूकपटांना गिऱ्हाईक राहिलं नाही. फिल्मवरच्या थरात चांदी असते, ती काढून विकायला लोकांनी रिळंच्या रिळं धुऊन टाकली. "चांदी किती मिळत असेल हो?" मी विचारलं. "फार नाही मॅडम," त्या म्हणाल्या, "पण चित्रपटाचे तर काहीच मिळत नव्हते ना."

हे ऐकून राग आला, आणि पुढच्या क्षणी कळलं की राग कुणावर करणार. ज्याच्या घरी रिळं पडली होती त्याला ती एक धोकादायक अडगळ होती. १६ जानेवारी १९५४ला बाबूराव गेले तेव्हा चित्रपट जपून ठेवण्याची सोयच देशात नव्हती. ती आणखी दहा वर्षांनी झाली. तेवढ्या दहा वर्षांत काय काय वाचलं असतं!

दुपारी परवानगी काढून प्रभात रस्त्याजवळच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात गेले. हीच प्रभातची जागा. १९६०मध्ये इथे संस्था सुरू झाली. मोठा स्टुडिओ अजून वापरात आहे. प्रभातच्या संग्रहालयात कपडे, दागिने, पोस्टरं, जुने कॅमेरे ठेवलेत. फत्तेलालांनी काढलेली, प्रभातच्या बोधचिन्हातली ती तुतारी फुंकणारी मुलगी जागोजागी भेटते. दामले-फत्तेलालांचा 'संत तुकाराम' व्हेनिसच्या महोत्सवात गाजला, ते १९३७ साल. कोल्हापूरच्या पडवीतून निघालेली विद्या तिथवर पोचली होती, असं मी तरी मानते.

स्टुडिओच्या बाहेर कलादिग्दर्शन शिकणारी एक मुलगी भेटली. हात कोपरापर्यंत मातकट. आत खेड्यातल्या घराचा सेट लावत होती, प्लायवूडवर प्लॅस्टर आणि वरून सारवणाचा रंग. मी शिक्षिका आहे म्हटल्यावर आपणहून दाखवायला घेऊन गेली. भिंतीवर तिने एक तडा काढला होता, ब्रशने. जवळून पाहिलं तर तीन रंग होते त्यात, आत काळसर, एका कडेला फिकट, दुसऱ्या कडेला मातीचा. "मॅडम, दिवा डावीकडून येणार आहे, म्हणून उजवी कड उजळ ठेवलीय," ती म्हणाली. "पण दिग्दर्शक आत्ता म्हणतोय दिवा खिडकीतून आण. मग हा तडा खोटा दिसेल ना?"

मी म्हटलं, दिसेल. मग तिला बाबूरावांच्या तांबड्या-काळ्या फिल्मची गोष्ट सांगितली. सेट उभारायच्या आधी ते प्रसंग चितारून ठेवत, हेही सांगितलं. नाव तिला ठाऊक होतं, अभ्यासक्रमात एका परिच्छेदापुरतं. कॅमेरा लेथवर केला, हे ठाऊक नव्हतं. तिने दोन-तीन प्रश्न विचारले, त्यातला एक मला फार आवडला: "त्यांचे सुतार कोण होते?" कंपनीच्या इतिहासात सुतारांची नावं शोधायला हवीत, हे इतकी वर्षं वाचूनही माझ्या डोक्यात आलं नव्हतं. तिने माझा नंबर घेतला, मी तिचा. तेवढ्यात आतून कुणीतरी हाक मारली, प्लॅस्टर वाळायला लागलं होतं आणि तडा पुसून नव्याने काढायचा तर लगेच काढायला हवा होता. ती पळाली. मी शिवाजीनगरला जाऊन नाशिकची गाडी पकडली आणि तिकिटाच्या मागे पहिल्यांदा लिहिलं ते 'सुतार' हेच.